गिरणीवाला जॉन ब्राइट आणि वऱ्हाडचा कापूस

दिवाळी सरली की अकोल्याच्या आणि अमरावतीच्या रस्त्यांवर कापसाने भरलेल्या गाड्यांची रांग लागते. पूर्वी त्या बैलांच्या असत, आता बहुधा यंत्राच्या असतात. परंतु गाडीवर बसलेल्या कास्तकाराच्या मनातील प्रश्न मात्र पिढ्यान्‌पिढ्या एकच आहे : ‘आज भाव काय निघाला?’ आणि गंमत अशी की, हा भाव गेली दीडशे वर्षे त्याच्या गावात ठरलेला नाही. तो ठरत आला आहे समुद्रापलीकडे. एके काळी तो लिव्हरपूलच्या बाजारात ठरे. तेथील व्यापारी वऱ्हाडच्या रुईला ‘ऊमरा’ म्हणत. ऊमरा म्हणजे आपली अमरावतीच. साहेबाच्या जिभेवर तिचे तेवढेच रूप शिल्लक राहिले होते. ज्यांनी अंबादेवीचे देऊळ कधी पाहिले नाही, पऱ्हाटीचे झाड कसे असते हे ज्यांना ठाऊक नव्हते, अशा शेकडो लोकांच्या तोंडी आपल्या गावाचे नाव रोज घोळत होते.

आज मी ज्याचे चरित्र आपणांस सांगणार आहे तो अशाच लोकांपैकी एक होता. त्याने वऱ्हाड पाहिले नाही. हिंदुस्थानच्या किनाऱ्यावर त्याचे पाऊल कधी लागले नाही. तो लँकेशायरमधील एका गिरणीचा मालक. पुढे तो राजकारणात शिरला, पार्लमेंटातील पहिल्या प्रतीचा वक्ता ठरला, आणि व्हिक्टोरिया राणीच्या मंत्रिमंडळात बसला. त्याचे नाव जॉन ब्राइट. इंग्लंडातील थोर पुरुषांची चरित्रे आपण पुष्कळ वाचतो आणि वाचून बाजूला ठेवतो. परंतु ह्या चरित्राचा एक धागा आपल्या काळ्या जमिनीतून निघालेला आहे, म्हणून ते वऱ्हाडातील श्रोत्यांनी आपल्या दृष्टीने एकदा तपासून पाहावे, असे मला वाटते.

जॉन ब्राइटचा जन्म १६ नोव्हेंबर १८११ रोजी रॉचडेल येथे झाला. मँचेस्टरपासून दहा-बारा मैलांवरचे हे गाव. त्याचा बाप जेकब हा मुळात हातमागावर बसणारा साधा विणकर. कष्टाने आणि काटकसरीने वर येऊन त्याने १८०९ साली रॉचडेलला सूतगिरणी सुरू केली. हे कुटुंब क्वेकर पंथाचे होते. शपथ घ्यावयाची नाही, शस्त्र धरावयाचे नाही, राजमान्य चर्चचा कर राजीखुशीने भरावयाचा नाही, आणि माणसामाणसांत उच्चनीच भाव मानावयाचा नाही, असा ह्या पंथाचा आचार. अशा घरातील मुलाला ऑक्सफर्ड-केंब्रिजची दारे त्या काळी जवळजवळ बंदच होती. तेव्हा १८२७ साली, वयाच्या सोळाव्या वर्षी, जॉनने शाळा सोडली आणि तो बापाच्या गिरणीत कामाला लागला. लॅटिन-ग्रीक त्याच्या वाट्याला आले नाही. बायबल, मिल्टनची कविता आणि गिरणीची हिशेबवही हेच त्याचे विद्यापीठ. कापसाच्या गाठीला काय पडले आणि सुताला काय आले, हा हिशेब त्याने लहानपणापासून घोकला होता.

गिरणीवाल्याला राजकारणात ओढले ते धान्यकायद्यांनी. १८१५ पासून इंग्लंडात असा कायदा होता की, देशातील गव्हाचा भाव ठराविक मर्यादेवर गेल्याशिवाय परदेशचा गहू आत येऊ द्यावयाचा नाही. त्यामुळे जमीनदारांचे खंड वाढले आणि मजुरांची भाकरी महागली. हे कायदे रद्द व्हावेत म्हणून मँचेस्टरला एक संघ निघाला, आणि त्याचा पुढारी होता रिचर्ड कॉब्डेन. ब्राइट त्याला ओळखत होता, अधूनमधून भाषणेही करीत होता. परंतु सर्वस्व वाहून घेण्याचा प्रसंग १८४१ च्या सप्टेंबरात आला. लग्नाला पुरती दोन वर्षे झाली नव्हती, तोच त्याची तरुण पत्नी क्षयाने वारली. मागे एक लहानगी मुलगी. शोकाने खचलेल्या ह्या मित्राला भेटावयास कॉब्डेन आला. त्याने सांत्वनाचे चार शब्द बोलून झाल्यावर म्हटले की, ह्या घटकेला इंग्लंडातील हजारो घरांत बायकामुले उपासमारीने मरत आहेत. तुमच्या दुःखाचा पहिला भर ओसरला म्हणजे माझ्याबरोबर चला, आणि हे कायदे नाहीसे होईपर्यंत आपण विसावा घ्यावयाचा नाही. ब्राइट उठला. पुढची पाच वर्षे त्या दोघांनी गावोगाव सभा घेतल्या. १८४३ साली तो डरहॅमच्या वतीने पार्लमेंटात गेला, १८४६ साली धान्यकायदे रद्द झाले, आणि १८४७ साली मँचेस्टर शहराने त्याला आपला प्रतिनिधी निवडले.

येथपर्यंतचे चरित्र ऐकून कोणासही वाटेल की, हा तर गोरगरिबांचा कैवारी. तसा तो होताच. पण, श्रोतेहो, ह्याच सुमारास घडलेली दुसरी गोष्ट झाकून ठेवली तर चरित्र खोटे ठरेल. गिरण्यांत बाया आणि पोरे बारा-बारा तास, किंबहुना त्याहूनही अधिक, राबत होती. त्यांचे काम दहा तासांवर आणावे म्हणून लॉर्ड अ‍ॅश्लेने चळवळ चालविली होती. ह्या विधेयकाला अत्यंत कडवा विरोध करणाऱ्यांत जॉन ब्राइट पुढे होता. मालक आणि मजूर ह्यांच्या करारात सरकारने पडू नये, कामाचे तास घटले तर मजुरीही घटेल, भाकरी स्वस्त झाली की मजुराचे भले आपोआप होईल, असा त्याचा युक्तिवाद होता. आणि जमीनदार लोक आम्हा गिरणीवाल्यांवर सूड उगविण्यासाठी मजुरांचा पुळका आणीत आहेत, असेही तो म्हणे. ह्यात थोडे तथ्य नव्हते असे नाही. तथापि १८४७ साली ते विधेयक ज्याने पार्लमेंटात तडीस नेले तो जॉन फील्डेन हा जमीनदार नव्हता. तोही लँकेशायरमधील एक मोठा गिरणीवालाच होता. म्हणजे गिरणीची मालकी माणसाला आंधळी करतेच असे नाही. एकाच धंद्यातील दोन माणसे. एकाला आपल्या साच्यापाशी उभी असलेली दमलेली मुलगी दिसली, दुसऱ्याला ती दिसूनही त्याच्या तत्त्वात बसली नाही. ब्राइटच्या चरित्राला लागलेला हा डाग पुसण्याचा प्रयत्न त्याच्या चाहत्यांनी पुष्कळ केला आहे; आपण तो करण्याचे कारण नाही.

आता आपल्याकडे वळू. लँकेशायरच्या गिरण्यांना लागणाऱ्या कापसापैकी सुमारे चार-पंचमांश कापूस अमेरिकेच्या दक्षिण संस्थानांतून येई, आणि तो गुलामांच्या श्रमावर पिके. एका देशावर एवढे अवलंबून राहणे धोक्याचे, हे ब्राइटने फार लवकर ओळखले. १८४८ साली हिंदुस्थानातील कापसाची चौकशी करण्यासाठी पार्लमेंटची एक समिती नेमली गेली. तिचा अध्यक्ष ब्राइट होता. हिंदुस्थानात कापूस हजारो वर्षांचा. मग तो मँचेस्टरला पुरेसा आणि चांगला का येत नाही, हा समितीपुढील प्रश्न. ईस्ट इंडिया कंपनीच्या बाजूचे उत्तर ठरलेले होते : येथील कापसाचा धागा आखूड, रुईत कचरा, आणि रयत आळशी. कंपनीने १८४० साली अमेरिकेतून अनुभवी मळेवाले आणून येथील शेतकऱ्याला कापूस पिकविण्याचे धडे देण्याचाही घाट घातला होता.

समितीपुढे साक्षी होऊ लागल्या तेव्हा निराळेच चित्र दिसू लागले. त्या काळचे वऱ्हाड डोळ्यांपुढे आणा. आपला मुलूख तेव्हा निजामाचा. अमरावतीचा कापूस बैलांच्या पाठीवर लादून सुमारे पाचशे मैलांवर, गंगेकाठच्या मिर्झापूरला जाई, आणि तेथून नावेने कलकत्त्याला. १८४२ साली एकट्या एका सावकाराने ह्या वाटेने एक लाख बैलांचे ओझे रवाना केल्याची नोंद जुन्या गॅझेटियरात आहे. मुंबईकडे जावयाचे तर घाट ओलांडावा लागे. वाटेत धूळ, पाऊस, जकातीची नाकी. मुक्कामाला पोचेपर्यंत रुईची कळा गेलेली असे. मग लिव्हरपूलच्या व्यापाऱ्याने तिला नाक मुरडावे ह्यात नवल काय? परंतु वाहतुकीहून मोठे कारण आणखी खोल होते. जमिनीवरचा सारा जबर, गाठीला पैसा नाही, पीक उभे असतानाच ते सावकाराकडे लागलेले. अशा शेतकऱ्याने बी निवडावे कसे, आणि कापूस साफ ठेवून त्याला काय मिळावयाचे? ब्राइटने ह्यावरून जो निष्कर्ष काढला तो त्याच्या पुढील सर्व भाषणांत दिसतो : हिंदुस्थानचा कापूस सुधारावयाचा असेल तर आधी कापूस पिकविणाऱ्याची स्थिती सुधारली पाहिजे, आणि तिला जबाबदार कंपनीचा राज्यकारभार आहे.

माझ्या मते ब्राइटच्या आयुष्यातील हा क्षण आपल्या दृष्टीने सर्वांत महत्त्वाचा होय. तो शोधावयास निघाला होता कापूस. त्याला सापडला शेतकरी. स्वार्थाच्या वाटेने चालता चालता माणूस न्यायाच्या दाराशी येऊन उभा राहावा, असा हा प्रसंग. दाराशी आल्यावर पुष्कळ लोक मागे फिरतात. ब्राइट फिरला नाही. १८५० साली त्याने मागणी केली की, हिंदुस्थानात एक चौकशी मंडळ पाठवून रयतेची परिस्थिती प्रत्यक्ष पाहावी. सरकारने ती नाकारली. तेव्हा मँचेस्टरच्या व्यापारी मंडळाने आपल्या खर्चाने अलेक्झांडर मॅके नावाच्या एका विद्वान गृहस्थास पश्चिम हिंदुस्थानात धाडले. मॅकेने गुजराथेकडील जमीनसारा, रस्ते आणि बंदरे ह्यांची बारकाईने पाहणी केली; परंतु त्याची प्रकृती ढासळली, आणि १८५२ साली स्वदेशी परतत असता त्याचा अंत झाला. त्याचे टिपण पुढच्या वर्षी पुस्तकरूपाने प्रसिद्ध झाले. त्याच १८५३ साली कंपनीच्या सनदेचा प्रश्न पार्लमेंटात निघाला, तेव्हा ब्राइटने ह्या साऱ्या माहितीच्या आधाराने कंपनीच्या कारभाराची लक्तरे वेशीवर टांगली. आणि योगायोग पाहा, त्याच वर्षीच्या मे महिन्यात निजामाकडून फौजेच्या खर्चापोटी वऱ्हाड प्रांत इंग्रजांच्या ताब्यात आला. ज्या कापसाची मँचेस्टरला आस लागली होती तो आता इंग्रजी अंमलाखाली पिकू लागला.

पुढील वर्षी क्रिमियाचे युद्ध पेटले. सारे इंग्लंड रणमदाने धुंद झाले असता ब्राइट युद्धाविरुद्ध उभा राहिला. १८५५ च्या फेब्रुवारीत त्याने पार्लमेंटात केलेल्या भाषणात, मृत्युदूत ह्या देशावरून फिरत आहे, असे जे चित्र उभे केले, ते ऐकून सभागृह स्तब्ध झाले. पण मते काही मिळाली नाहीत. मँचेस्टरमध्ये त्याची प्रतिमा जाळण्यात आली, आणि १८५७ च्या निवडणुकीत त्याच्याच शहराने त्याला पाडले. त्याची प्रकृतीही ह्या काळात पार खचली होती. थोड्याच महिन्यांनी बर्मिंगहॅमने त्याला निवडून दिले, आणि मरेपर्यंत तो त्या शहराचा प्रतिनिधी राहिला. लोकमताच्या लाटेवर चढलेला माणूस लोकमताविरुद्धही उभा राहू शकतो, हे त्याने दाखवून दिले.

१८५७ चा उठाव होऊन गेल्यावर हिंदुस्थानचा कारभार कंपनीकडून काढून राणीकडे देण्याचे विधेयक आले. २४ जून १८५८ रोजी ब्राइटने केलेले भाषण आजही वाचण्याजोगे आहे. एवढ्या प्रचंड देशावर कलकत्त्यास बसलेल्या एका गव्हर्नर-जनरलने राज्य करावे, हीच गोष्ट त्याला अशक्य वाटत होती. त्याने सुचविले की, ते पदच काढून टाकावे आणि देशाचे पाच समान दर्जाचे इलाखे करावेत. प्रत्येकाने आपला जमाखर्च, आपले रस्ते, आपले पाटबंधारे आपण पाहावेत. त्यामागची त्याची दृष्टी त्या काळच्या मानाने विलक्षण होती. इंग्रजांचे राज्य हिंदुस्थानात कायमचे टिकावयाचे नाही, हे तो उघडपणे बोलत होता. आणि ते जाईल त्या दिवशी देशात अंदाधुंदी माजू नये, आपापला कारभार चालविण्यास शिकलेले प्रांत मागे राहावेत, असा त्याचा हेतू होता. आपले राज्य आचंद्रार्क चालणार अशा समजुतीत असलेल्या सभागृहाला हे बोल कसे रुचावेत? सूचना जागच्या जागी राहिली. इंग्रजी राज्य १९४७ साली गेले. त्याच्या आधी एकोणनव्वद वर्षे ह्या गिरणीवाल्याने त्याच्या शेवटाचा विचार केला होता.

आता त्याच्या खऱ्या कसोटीकडे येतो. १८६१ साली अमेरिकेत यादवी युद्ध सुरू झाले. उत्तरेकडील आरमाराने दक्षिणेच्या बंदरांची नाकेबंदी केली आणि लँकेशायरला येणारा कापूस आटला. गिरण्या एकामागून एक बंद पडू लागल्या. १८६२ च्या अखेरीस सुमारे पाच लाख माणसे धर्मादाय मदतीवर जगत होती. दक्षिणेच्या बाजूने इंग्लंडने मध्ये पडावे आणि नाकेबंदी फोडावी, असे बडे लोक आणि वृत्तपत्रे उघड म्हणत होती. ब्राइटची स्वतःची गिरणी ह्याच कापसावर चालत होती. त्याचा मतदार, त्याचा शेजारी, त्याचा कामगार ह्याच कापसावर जगत होता. दहा तासांच्या कायद्याच्या वेळी त्याच्या तत्त्वाची किंमत दुसऱ्यांनी भरली होती; ह्या वेळी ती त्याला स्वतःला भरावी लागणार होती. आणि येथे तो डगमगला नाही. गुलामगिरी टिकविण्यासाठी उभारलेल्या राज्याला इंग्लंडने हात देता कामा नये, हे त्याने रॉचडेलला, बर्मिंगहॅमला, लंडनला पुन्हा पुन्हा सांगितले. त्याहून मोठेपणा त्याच्या श्रोत्यांचा. ३१ डिसेंबर १८६२ रोजी मँचेस्टरच्या कामगारांनी सभा भरवून प्रेसिडेंट लिंकनला सहानुभूतीचे पत्र पाठविले, आणि पुढच्याच महिन्यात लिंकनने त्यांना कृतज्ञतेचे उत्तर धाडले. उत्तर अमेरिकेतून उपाशी लँकेशायरसाठी पिठाची पिंपे भरून जहाज आले. लिंकनच्या कचेरीत ब्राइटचे छायाचित्र होते असे सांगतात.

परंतु, श्रोतेहो, लँकेशायरमध्ये जेव्हा चूल थंड होती तेव्हा वऱ्हाडात काय चालले होते? तेथील दुष्काळ हा येथील सुकाळ झाला होता. रुईचे भाव कोणाच्या स्वप्नात नव्हते इतके चढले. कास्तकारांनी गाडीच्या चाकांना चांदीच्या धावा बसविल्याच्या गोष्टी त्या काळाविषयी सांगितल्या जातात. त्या खऱ्या असोत वा नसोत, ज्या काळाबद्दल अशा गोष्टी निघतात तो काळ कसा असेल ह्याची कल्पना येते. ज्वारीची रानेच्या राने पऱ्हाटीखाली गेली. मुंबईत शेअरांचा सट्टा माजला. १८६५ साली अमेरिकेतील युद्ध संपल्याची तार आली आणि तो डोलारा कोसळला. भाव उतरले, पण रेल्वे आली होती. १८६७ साली अकोला आणि बडनेरा ह्या मार्गाने आगगाडी नागपुरास पोचली. १८७० साली लॉर्ड मेयोने खामगावच्या फाट्याचे उद्घाटन केले. कापसाच्या देखरेखीसाठी रिव्हेट-कार्नॅक नावाचा खास अधिकारी नेमण्यात आला. ब्राइटच्या समितीने १८४८ साली ज्या वाहतुकीविषयी साक्षी घेतल्या होत्या ती वाहतूक आता झाली होती. मिर्झापूरची बैलवाट मोडली. लिव्हरपूलच्या भावाची तार खामगावला येऊ लागली आणि तीवर येथील सौदे होऊ लागले.

येथे आपण क्षणभर थांबले पाहिजे. ब्राइटची समजूत अशी होती की, रस्ते झाले, सारा बेताचा झाला, व्यापार मोकळा झाला, म्हणजे शेतकरी सुखी होईल. ह्यांपैकी रस्ते झाले आणि व्यापार मोकळा झाला. वऱ्हाडात पैसा आला हेही खोटे नाही. पण ज्वारीच्या पेवाऐवजी बाजारच्या भावावर जगणारा एक नवा शेतकरी निर्माण झाला. १८९६-९७ आणि विशेषतः १८९९-१९०० ह्या वर्षी पाऊस रुसला तेव्हा ह्याच आगगाडीने बाहेरचे धान्य आत आणले खरे. परंतु खिशात पैसा नसणाऱ्याला स्टेशनावरचे धान्य काय उपयोगाचे? १८९१ आणि १९०१ ह्या दोन खानेसुमाऱ्यांमध्ये वऱ्हाडची लोकसंख्या सुमारे पाच टक्क्यांनी घटली. मोकळ्या व्यापाराचा मंत्र भाकरी महाग करणाऱ्या जमीनदाराविरुद्ध जितका खरा होता तितका तो सर्व देशांत, सर्व काळी खरा नव्हता. हिंदुस्थानात येणाऱ्या विलायती कापडावरील जकात १८८२ साली काढून टाकण्यात आली तेव्हा ब्राइट मंत्रिमंडळात होता. पुढे त्याच्या पश्चात, १८९६ साली, विलायती कापडावर साडेतीन टक्के जकात बसली, तर न्यायाच्या नावाखाली आपल्याच गिरण्यांच्या कापडावरही साडेतीन टक्के कर लादण्यात आला. मँचेस्टरच्या स्पर्धेला सवलत, आणि हिंदी गिरणीला शिक्षा! हा मोकळा व्यापार नव्हे. परंतु मोकळ्या व्यापाराच्या भाषेत तो सांगितला गेला.

ब्राइटच्या पदरात मात्र न्यायाने माप टाकले पाहिजे. १८६८ साली ग्लॅडस्टनने त्याला हिंदुस्थानचे मंत्रिपद देऊ केले होते. ते त्याने घेतले नाही, व्यापारखाते पत्करले. शस्त्राला तत्त्वतः विरोध करणाऱ्याने सैन्याच्या बळावर चाललेल्या राज्याची सूत्रे हाती धरणे अवघड, हे उघड आहे. तरी त्याने ते पद घेतले असते तर काय झाले असते, हा विचार मनाला चटका लावून जातो. १८७९ साली लालमोहन घोष हे सिव्हिल सर्व्हिसच्या परीक्षेबाबत हिंदी लोकांचे गाऱ्हाणे घेऊन लंडनला गेले, तेव्हा त्यांच्या सभेचे अध्यक्षस्थान ब्राइटने स्वीकारले. १८८२ साली इंग्रजी आरमाराने अलेक्झांड्रियावर तोफा डागल्या तेव्हा त्याने मंत्रिपदाचा राजीनामा दिला. सत्तरी ओलांडलेल्या माणसाने तत्त्वासाठी खुर्ची सोडली. आणि त्याच माणसाने चारच वर्षांनी आयर्लंडच्या स्वराज्याला विरोध केला, हेही सांगितले पाहिजे. २७ मार्च १८८९ रोजी रॉचडेल येथे त्याचा अंत झाला. क्वेकरांच्या साध्या दफनभूमीत, आपल्या लोकांमध्ये, तो विसावला.

त्याच्या मृत्यूनंतर पुढच्याच वर्षी, १८९० साली, काँग्रेसचे एक शिष्टमंडळ इंग्लंडात गेले. त्यात सुरेंद्रनाथ बॅनर्जी होते, आणि आपल्या अमरावतीचे वकील रावबहादूर मुधोळकर होते. ब्राइट आणखी वर्षभर जगता तर ‘ऊमरा’ रुईच्या गावचा माणूस त्याला प्रत्यक्ष भेटता. ह्या मुधोळकरांचा मार्ग ब्राइटच्या नेमका उलट होता. ब्राइट गिरणीतून राजकारणात आला; मुधोळकर राजकारणातून गिरणीकडे, म्हणजे उद्योगधंद्यांकडे वळले. १९०५ साली काशीला हिंदी औद्योगिक परिषद सुरू झाली; तिचे चिटणीस म्हणून त्यांनी वर्षानुवर्षे काम केले. १९१२ साली बांकीपूरच्या काँग्रेसचे अध्यक्षपद त्यांना मिळाले. पुढील काळाने नेमस्तांना मागे टाकले आणि त्यांचे नावही मागे पडले. परंतु त्यांना कळलेली गोष्ट अजून शिळी झालेली नाही. मँचेस्टरमध्ये गिरणी आधी होती, म्हणून तिला राजकीय आवाज मिळाला. वऱ्हाडात कापूस होता, पण गिरणी नव्हती. म्हणून आवाजही दुसऱ्याचा होता. नागपूरला टाटांनी १८७७ साली गिरणी काढली तेव्हा मुंबईतील शहाण्यांनी त्यांना वेड्यात काढले होते. पण कापूस पिकतो तेथे सूत निघाले पाहिजे, हा विचार त्यामागे होता. कास्तकाराच्या बाजूनेही काही पावले पडली : १८८६ साली कारंज्याला नियंत्रित बाजार सुरू झाला, आणि १८९७ साली वऱ्हाडच्या कापूस व धान्य बाजाराचा कायदा झाला. देशातील अशा प्रकारचा तो पहिला कायदा. वजनात काटा मारणाऱ्याला त्याने थोडासा तरी लगाम घातला.

मग जॉन ब्राइटपासून आपण काय घ्यावे? तो आपला शत्रू होता असे म्हणणे अन्यायाचे आहे. तो आपला उद्धारक होता असे म्हणणे भाबडेपणाचे आहे. दूरचा गुलाम त्याला दिसला, दूरचा रयत दिसला, आणि त्यांच्यासाठी त्याने स्वतःचे नुकसान सोसले. पण स्वतःच्या गिरणीच्या दारातून पहाटे आत शिरणारी पोर त्याला नीट दिसली नाही. मनुष्याची दृष्टी पुष्कळदा अशीच असते. दूरचा अन्याय तत्त्वाने दिसतो. जवळचा अन्याय दिसण्यास मात्र आपल्या लाभाचा पडदा बाजूला सारावा लागतो.

ही कसोटी आपणांसही लागू आहे. आज वऱ्हाड महाराष्ट्रात आहे, राज्य आपले आहे. तरीही ह्याच अकोला, अमरावती, यवतमाळ जिल्ह्यांतून कर्जाने पिचलेल्या कास्तकारांच्या आत्महत्यांच्या वार्ता गेली कित्येक वर्षे आपण वाचीत आलो आहोत. त्यांना आता लिव्हरपूल कारण नाही. ब्राइटच्या समितीने १८४८ साली जो प्रश्न विचारला होता तो होता, ‘आम्हांला कापूस का मिळत नाही?’ त्याच्या मनाचा प्रामाणिकपणा असा की, त्या प्रश्नातून तो दुसऱ्या प्रश्नाकडे गेला : ‘कापूस पिकविणाऱ्याला काय मिळते?’ आपण शहरातील माणसे सकाळी धुतलेला, इस्त्री केलेला सदरा अंगात घालतो. तो घालताना हा दुसरा प्रश्न कधी आपल्या मनात येतो का, एवढेच प्रत्येकाने स्वतःला विचारावे.